डेझर्ट मॅरिगोल्ड दर उन्हाळ्यात बुडातून कुजतंय? आधी ठिबकचा टायमर बघा

दर जुलैला तेच. मार्चपासून मेपर्यंत अंगणात नुसता पिवळा रंग, एकेका रोपावर वीस-पंचवीस फुलं, आणि जुलै लागला की एका सकाळी झाड मान टाकून बसलेलं. दुपारच्या उन्हात मान टाकली तर समजू शकतो, संध्याकाळी परत उभं राहतं, पण हे सकाळी सहाला पण पडलेलंच, खालची पानं काळपट, बोट लावलं की लगद्यासारखी, आणि जरा ओढलं की वरचा अख्खा भाग हातात, मुळं जमिनीतच. इथे अमेरिकेत ॲरिझोनात, फिनिक्स, चँडलर, गिल्बर्ट बाजूला ज्यांचं असं होतंय त्यांच्यासाठी हे सविस्तर लिहितेय, कारण मी चार उन्हाळे भलत्याच गोष्टीवर इलाज करत होते आणि दरवेळी पाच-सहा रोपं गेली.

आधी झाड कुठलं ते नक्की करून घ्या. मी म्हणतेय ते बेलेया मल्टिरॅडिएटा, वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत शिकवणाऱ्या जेकब बेली यांच्यावरून बेलेया हे नाव पडलं. सोनोरा, मोहावी आणि चिवावा या तिन्ही वाळवंटांत ते आपोआप उगवतं, हायवेच्या कडेला खडीत पिवळे ठिपके दिसतात ना, त्यातले बरेचसे हेच. पानं जमिनीलगत पसरलेली, कातरलेली आणि त्यांच्यावर पांढरी लोकर, वर फूट-दीड फुटाचे बिनपानाचे देठ आणि प्रत्येक देठावर एकच फूल. फूल जवळून बघा, पाकळीच्या टोकाला तीन बारीक दाते असतात, आणि जुनं झालं की पाकळ्या गळत नाहीत, कागदासारख्या होऊन खाली वळतात आणि तशाच चिकटून राहतात.

नावात मॅरिगोल्ड आहे पण हा झेंडू नाही. कूळ एकच, सूर्यफूल-शेवंतीचं, आणि झेंडू पण मूळचा मेक्सिकोचाच, त्यामुळे नातं आहे, पण स्वभाव अगदी उलटा. माझी चूक इथूनच सुरू झाली. नर्सरीत पाटीवर मॅरिगोल्ड वाचलं आणि घरी आणून मी त्याचं सगळं झेंडूसारखं केलं, खड्ड्यात भरपूर कंपोस्ट, भोवती छान गोल आळं, दिवसाआड पाणी.

अजून एक, ब्रिटलबुश म्हणून जे चंदेरी पानांचं झुडूप असतं, साधारण मीटरभर उंच, ते वेगळं. ते उन्हाळ्यात पाणी वाचवायला स्वतःच पानं गाळतं आणि नुसत्या काड्या राहतात, तो रोग नाही, त्याला काही करू नका. खाली लिहिलंय ते डेझर्ट मॅरिगोल्डचं.

आता मी काय काय समजत होते ते सांगते, कारण तुम्ही पण यातल्याच एखाद्या पायरीवर अडकला असाल.

२०२० मधे वाटलं ऊन. त्या उन्हाळ्यात फिनिक्सला ५३ दिवस पारा ११० फॅरनहाइट किंवा त्याच्या वर होता, म्हणजे आपल्या हिशोबात ४३ अंशांच्या पुढे, त्यामुळे दुसरं काही मनात आलंच नाही, शेडनेट बांधलं. सावलीत देठ लांब आणि लुळे झाले, फुलं कमी झाली, आणि ऑगस्टमधे रोपं गेलीच. २०२१ ला पाऊस चांगला झाला, विमानतळावर मॉन्सूनमधे १०० मिमीच्या वर नोंद झाली, इथे वर्षाचा सगळा पाऊसच २०० मिमीच्या आत असतो म्हणजे विचार करा. तेव्हा मी पावसाला दोष दिला. २०२२ ला बुरशीनाशक आणून फवारलं, पानांवर. पान काळं पडतंय म्हणजे रोग पानावर आहे असं मी धरून चालले होते, खाली काय चाललंय ते एकदाही उकरून बघितलं नाही.

मग आला २०२३. ३० जूनपासून ३० जुलैपर्यंत सलग ३१ दिवस ११० किंवा त्याच्या वर, त्यातल्या बऱ्याच रात्री पण पारा ९० च्या खाली येत नव्हता, आणि पाऊस म्हणाल तर १५ जून ते ३० सप्टेंबर अख्ख्या मॉन्सूनमधे विमानतळावर जेमतेम ४ मिमी, नोंदी ठेवायला लागल्यापासून सगळ्यात कोरडा. आणि तरीही माझी रोपं कुजली. वाळली नाहीत, कुजली! आकाशातून पाणी आलंच नाही तर कुजायला पाणी आलं कुठून? उत्तर भिंतीवर होतं, टायमरच्या डब्यात. उन्हाच्या भीतीनं मी ठिबक आठवड्यातून दोनदाचं रोज केलं होतं.

आणि त्याच आठवड्यात, आमच्या घरापासून दोन गल्ल्या पलीकडे पाणी वाहून जायची जी कोरडी नाली आहे तिथे, कोणीही न लावलेली, कोणीही पाणी न घातलेली तीन रोपं जिवंत होती. फूल एखाद-दुसरंच, पानं आक्रसून मुठीएवढी झालेली, पण बुडखा टणक.

मी मूळची सांगोल्याची, घरी डाळिंब. त्या रात्री अण्णांना व्हिडिओ कॉल केला, कुजलेलं रोप कॅमेऱ्यासमोर धरलं आणि त्यांनी पहिला प्रश्न विचारला तो असा, "वाफसा बघितलास का गं?" मी गप्प. लहानपणापासून हा शब्द ऐकत वाढले, वाफसा आल्याशिवाय पाणी सोडायचं नाही, वाफशाशिवाय औत घालायचं नाही, आणि स्वतःच्या अंगणात चार वर्षांत एकदाही माती हातात घेतली नाही. ज्यांना शब्द माहीत नाही त्यांच्यासाठी, वाफसा म्हणजे जमिनीत ओल पण आहे आणि हवा पण आहे अशी अवस्था. पाणी दिल्यावर मातीच्या सगळ्या पोकळ्या पाण्यानं भरतात, मग जादाचं पाणी खाली निघून जातं आणि त्या जागी हवा येते, तेव्हा वाफसा आला म्हणायचं. मुळांना पाणी लागतं तशीच हवा लागते.

अण्णा म्हणाले पांढरी मुळी आहे का बघ. रोपाजवळची माती चार बोटं उकरली. वरची दोन बोटं कोरडी ठणठणीत, त्यामुळेच मला रोज वाटायचं की पाणी कमी पडतंय, आणि त्याखाली कंपोस्टचा काळा थर ओलाकच्च, मुठीत दाबला तर बोटांच्या फटीतून पाणी आलं. वास नासलेल्या बटाट्याचा. पांढरी मुळी एकही नाही, सगळी तपकिरी, आणि मुळी दोन बोटांच्या चिमटीत धरून ओढली तर वरची साल मोज्यासारखी निघून आली आणि आत नुसता दोरा राहिला. मुळाची साल अशी सुटली की मूळकूज समजायची, पानांवर काही फवारून उपयोग नसतो.

उन्हाळ्यातच का होतं हे पण समजून घ्या म्हणजे टायमरला हात लावायचा मोह होणार नाही. जमीन तापली की मुळांना श्वासाला जास्त ऑक्सिजन लागतो, आणि पाणी जितकं गरम तितका त्यात ऑक्सिजन कमी विरघळतो. म्हणजे गरज जास्त आणि पुरवठा कमी, त्यात माती भरलेली, हवा शिरायला जागा नाही. थंडीत तेवढंच पाणी हे झाड सोसतं, जुलैत सोसत नाही. गुदमरलेल्या मुळांवर मग कुजवणाऱ्या बुरशा सहज चढतात, गरम आणि ओली जागा त्यांना हवीच असते. आणि ज्या लोकरीमुळे हे झाड वाळवंटात टिकतं, ऊन परतवतं, पानातलं पाणी धरून ठेवतं, तीच लोकर भिजली की लवकर वाळत नाही, म्हणून वरून स्प्रिंकलर मारणाऱ्यांच्या झाडाची खालची पानं आधी जातात.

आता काय करायचं.

सगळ्यात आधी झाड मेलंय की झोपलंय ते बघा, कारण जून-जुलैत चांगलं झाड पण फुलं कमी करतं, पानं आक्रसतं, करडं दिसतं आणि लोक घाबरून पाणी वाढवतात, आणि त्या पाण्यानं ते मरतं. जमिनीलगत बुडखा अंगठ्यानं दाबा. टणक लागला तर झाड ताणावर आहे, हात लावू नका. डाळिंबाला बहार धरताना आपण मुद्दाम पाणी तोडून ताण देतो ना, हे झाड तो ताण स्वतःहून घेतं. बुडखा दबला, ओलसर लागला तर ते गेलं, उपटून टाका आणि त्याच खड्ड्यात लगेच दुसरं लावू नका.

मग ठिबक. बहुतेक घरांत एकाच व्हॉल्व्हवर बोगनवेल, लँटाना, लिंबू आणि हे, सगळं असतं, आणि वेळ लिंबाच्या तहानेप्रमाणे लावलेली असते. लिंबाला ते बरोबर आहे, याला नाही. वेगळा व्हॉल्व्ह टाकायचा खर्च नको असेल तर याच्या जवळचा ड्रिपर काढून भोक बुजवायचा छोटा प्लास्टिकचा प्लग ठोका, काही सेंटचं काम आहे, आणि पाणी हातानं द्या. मी तेच केलं.

पाणी किती, हा प्रश्न सगळे विचारतात, तर माझ्याकडे आता असं चालतं. ऑक्टोबर-नोव्हेंबरमधे नवीन रोप लावलं की पहिला दीड महिना आठवड्यातून एकदा, मग पंधरा दिवसांनी, थंडीत महिनाभर पाऊस नाहीच झाला तर एकदा. वसंतात फुलं भरात असताना दोन आठवड्यांनी. उन्हाळ्यात तीन-चार आठवड्यांतून एकदा, पहाटे, सावकाश, फूटभर खोल जाईल इतकं, आणि मधे पाऊस पडला असेल तर तेवढंही नाही. तारखेपेक्षा मातीवर भरवसा ठेवा, चार बोटं उकरायची, थंड लागलं तर पाइप परत ठेवायचा. रोज थोडं थोडं पाणी हे सगळ्यात वाईट, त्यानं बुडखा कायम ओला राहतो आणि मुळं खाली जायचं नाव घेत नाहीत.

मातीचं म्हणाल तर कंपोस्ट काढा, लाकडाच्या सालीचं आच्छादन बुडख्यापासून दूर करा, आळं मोडा. आळं मोडताना मला खरंच जिवावर आलं, पाणी अडवायचं सोडून वाहून कसं जाऊ द्यायचं, दुष्काळी भागातल्या माणसाला ते पटतच नाही. पण या झाडाला आळं म्हणजे डबकं. इथे अंगणात टाकायला जो विघटित ग्रॅनाइट मिळतो, सगळे त्याला डीजी म्हणतात, तो आपला मुरूमच समजा, बारीक तांबूस मुरूम. मी मूळची माती आणि मुरूम मिसळून वीत-दीड वीत उंचीचा लहानसा गादीवाफा केला, उतार रस्त्याकडे, आणि रोपं वरच्या टोकाला. शेणखत, कंपोस्ट, नायट्रोजन काही नाही. खत घातलं की पानं मोठी, मऊ, हिरवी होतात, लोकर विरळ दिसते आणि झाड आडवं पडतं.

गादीवाफा करायच्या आधी एक गोष्ट तपासा, ती म्हणजे कलीची. इथल्या जमिनीत चुनखडीचा सिमेंटसारखा थर असतो, कुठे दोन फुटांवर, कुठे अगदी वरच, पहार मारली की ठण्ण आवाज येतो. फूटभर खोल खड्डा घ्या, पाण्यानं भरा, जिरू द्या, परत भरा आणि सोडून द्या. दुसऱ्या दिवशी पाणी तसंच दिसलं तर खाली थर आहे, तिथे तुम्ही महिन्यातून एकदा पाणी दिलं तरी ते बशीत साचल्यासारखं राहणार. थर पातळ असेल तर फोडून आरपार भोक करा, जाड असेल तर जागा बदला किंवा वाफा अजून उंच घ्या. टूसॉनकडे मॉन्सूनचा पाऊस आमच्यापेक्षा जास्त असतो, तिथे मी उंच वाफ्याशिवाय लावणारच नाही. लास वेगासला उलट, वर्षाला १०० मिमीच्या आसपास, तिथे बहुतेक वेळा दोष टायमरचाच असतो.

एवढं केल्यावर २०२४ चा उन्हाळा आला, ११० किंवा वरचे ७० दिवस, २०२० पेक्षाही सतरा जास्त. सात रोपांपैकी पाच टिकली. गेलेली दोन भिंतीच्या कोपऱ्यात होती, जिथे छपराचं पाणी पडतं, ते माझ्या लक्षातच आलं नव्हतं. उरलेल्या पाचांना सप्टेंबरच्या शेवटी रात्री जरा निवल्यावर बुडातून नवीन करडी पानं फुटली आणि दसऱ्याला फुलं होती. मुलीनं हट्टानं चार फुलं तोरणात आंब्याच्या पानांमधे ओवली. झेंडूसारखी भरगच्च दिसत नाहीत, पण दिवाळीपर्यंत पाकळ्या कागदासारख्या होऊन तशाच राहिल्या, रंग फक्त फिकट झाला.

आता एक गोष्ट मनाला लावून घेऊ नका, हे झाड फार जगत नाही. सगळं नीट केलं तरी दोन-तीन वर्षं, कधी एकच. तिसऱ्या वर्षी मधोमध खोड जाड आणि पोकळ झालं, फुलं कमी आली आणि झाड वाळून गेलं, कुजून नाही, तर तुमचं काही चुकलेलं नाही. ते मागे बिया सोडून जातं आणि अंगण त्या बियांवर चालतं. म्हणून सगळी जुनी फुलं खुडू नका, मी निम्मी खुडते म्हणजे नवीन फुलं येत राहतात, आणि निम्मी वाळू देते. बी बारीक, वाळक्या गवताच्या रंगाचं, त्याला एकदांडीसारखा तुरा नसतो त्यामुळे ते वाऱ्यावर लांब जात नाही, आईच्या पायाशी पडतं आणि पावसाच्या पाण्यानं खालच्या बाजूला वाहत जाऊन अडतं. माझ्याकडे सगळ्यात जास्त रोपं फुटपाथच्या काँक्रीटला चिकटून उगवतात.

"बिया टाकल्या पण काहीच आलं नाही" ही दुसरी मोठी तक्रार, आणि तिचं कारण बहुतेक वेळा बी नसतंच. खडीखाली काळं कापड अंथरलेलं आहे का बघा. खडी दोन इंचांपेक्षा जाड आहे का बघा. आणि सगळ्यात महत्त्वाचं, बागकाम करणारी माणसं वर्षातून एक-दोनदा खडीवर तण उगवण्याआधी मारायचं औषध फवारतात, प्री-इमर्जंट, ते तण आणि फूल असा फरक करत नाही, महिनोन् महिने कुठलंही बी उगवू देत नाही. आमच्या कॉलनीत ते कॉमन जागेबरोबर माझ्या कडेच्या पट्ट्यावरही मारलं जात होतं, दोन वर्षं बी वाया गेलं, शेवटी लेखी सांगून पट्टा वगळून घेतला. बी टाकायचं ते ऑक्टोबरच्या सुमारास, खडी बाजूला सारून, दाताळ्यानं हलकं ओरखडून, वर मातीचा अगदी पातळ थर, आणि उगवेपर्यंत वरचा थर ओलसर ठेवायचा. हो, इथे मात्र रोज शिंपडायचं, रोपाला चार-सहा पानं आली की कमी करत आणायचं. आणि उगवलेली रोपं तण समजून उपटू नका, छोटी असतानाच पान करडं, लोकरी आणि कडेला कातरलेलं असतं, तळहातावर ठेवलं की सशाच्या कानासारखं मऊ लागतं.

सशावरून आठवलं, मोठ्या झाडाला ससे फारसे तोंड लावत नाहीत पण कोवळी रोपं एका रात्रीत संपवतात, आणि क्वेल पक्षी बी उकरतात. कोंबडीच्या जाळीची टोपी करून दोन महिने ठेवा. मेंढ्यांना हे झाड विषारी आहे, चराईच्या जमिनीवर त्यांनी जास्त खाल्लं तर मरतात, तेव्हा कोणी हौसेनं मेंढ्या-बकऱ्या पाळत असेल तर लांब ठेवा.

फुलाच्या पाकळ्या मधेच ओंजळीसारख्या मिटलेल्या दिसल्या तर उघडून बघा, आत अळी असते, डेझर्ट मॅरिगोल्ड मॉथची, लहानसा पतंग, त्याची अळी याच फुलांवर वाढते. फुलाचा मधला भाग खाते, झाड मरत नाही. औषध मारू नका, दहा फुलांतली दोन तिला गेली तर जाऊ देत. पांढरी भुरी आहे की लोकर, असा घोळ पण होतो, तर पानावर बोट घासा, बोटाला पिठासारखं लागलं तर भुरी, काहीच लागलं नाही तर लोकर. भुरी असेल तर झाड बहुतेक सावलीत आहे.

रानातून किंवा हायवेच्या कडेनं रोप खणून आणू नका, ॲरिझोनात देशी झाडांसाठी कायदा आहे आणि पार्कातून बी गोळा करायला पण परवानगी नसते. नर्सरीत एक गॅलनची रोपं मिळतात, बी पण मिळतं. पुण्याहून मावशीनं बिया मागितल्या होत्या, तिला नाही म्हटलं. एक तर परवान्याशिवाय बी असं पाकिटात पाठवता येत नाही, आणि पुण्याला नुसत्या पावसाळ्यात जेवढं पाणी पडतं तेवढं या झाडानं तीन वर्षांत पाहिलेलं नसतं.

यंदा मे महिन्यात मी टायमरच्या डब्यावर चिकटपट्टी लावून त्यावर "माती बघ" असं लिहून ठेवलंय, कारण पारा ११५ ला गेला की हात आपोआप तिकडे जातो. काल उकरून बघितलं, चार बोटांवर माती कोरडी पण थंड, आणि तीन पांढऱ्या मुळ्या दिसल्या, सुईएवढ्या. परत झाकून टाकल्या.